रीतीला गुण

रुबिना नदाफचा फोन आला, पुण्याहून.
दहावी ब, दुसरा बाक, भूमितीत कच्ची.
म्हणाली, सर, एक काम आहे,
यंत्राला गणित शिकवतोय आम्ही.
उत्तरं नकोत, उत्तरं त्याच्याकडे ढिगानं पडलीत.
पायऱ्या लिहून द्या. एकेक. मधली गाळू नका.
उदाहरणाला साठ रुपये.

बत्तीस वर्षं मी दुसरं काय केलं?
उत्तर चुकलं तरी रीतीला दोन गुण,
उत्तर बरोबर पण रीत नाही, तर भोपळा.

विश्रामबागच्या गॅलरीत बसलो,
दोनशे पानी वही घेतली, समास आखला.
अठ्ठेचाळीस गुणिले सतरा.
सात आठे छप्पन्न, सहा लिहिले, हातचे पाच
आणि तिथंच पेन अडलं.

हेच गणित होतं. बिराप्पा सरगर.
सहामाहीचा पेपर, शहाण्णव साल असेल.
पानाच्या मधोमध नुसतं ८१६,
ओणवं उभं केलेल्या पोरासारखं एकटं.
मी लाल शाईनं विचारलं होतं : हातचे कुठे गेले?
खाली शून्य.
शेजाऱ्याचं बघितलंस, असंही म्हणालो, वर्गासमोर.
शेजारी कुणी बसतच नव्हतं त्याच्या,
कपड्यांना हळदीचा वास यायचा म्हणून.

मार्केट यार्डात सौदे संपत आले होते.
धूळसुद्धा पिवळी, चिमण्यासुद्धा.
बिराप्पा आता तोलाईदार, वडिलांच्या जागी.
काटा आकड्यांचा झालाय, लाल दिवे लुकलुकतात,
पण पोत्यावर तळवा ठेवून तो आधीच सांगतो
आणि दिवे मागाहून होकार देतात.

तेव्हा कसं केलं होतंस रे ते?

“कुटलं? आं, ते व्हय.
सर, पोतं कसं भरत्यात? आदी जादाच घालायचं,
मग काटा सरळ हुईस्तवर मुठीमुठीनं काढायचं.
अठ्ठेचाळीस कशाला? पन्नास धरायचं.
सतरा पोत्याचं साडेआठशे.
परत्येकातलं दोन-दोन काढलं, चौतीस.
ऱ्हायलं आठशे सोळा.”

मग लिहिलं का नाहीस?

“ही रीत हाय हे कुणाला ठावं?
मला वाटलं, ही हमाली हाय.”

घरी येऊन वहीत लिहिलं :
आधी जादा भर. मग काढ.
रुबिनाच्या तक्त्यात शेवटचा रकाना होता, ‘रीत कुठून’.
मी लिहिलं, काटा नंबर चार, हळद विभाग, सांगली.
ती म्हणाली, सर, तो रिकामाच सोडा,
यंत्राला नावगाव लागत नाही.

दिवाळीनंतर तिनं ते माझ्या फोनवर सुरू करून दिलं.
मी फरश्या विचारल्या : एकोणतीस रांगा, प्रत्येकीत चौदा.
त्यानं लिहिलं, आधी तीस रांगा धरू,
चारशे वीस. त्यातली एक रांग काढू.

पोतं नाही, हळद नाही.
मनगटाची तेवढी ती एक हालचाल
फरशीवर येऊन पोचलेली.
माझ्या वहीतून? सांगता येत नाही.
कुणी शिंप्यानं कापड वाढवून धरलं असेल,
कुणी वाण्यानं पुडीतून चिमूट मागं घेतली असेल,
आणि कुणीतरी ते कधीतरी लिहून ठेवलं असेल.
काटा स्थिरावेपर्यंत श्वास रोखून धरणं
त्याला माहीत नाही, असं म्हणणार होतो.
मग आठवलं, मलाही माहीत नव्हतं.
बत्तीस वर्षं हातचे दिले-घेतले
आणि हात एकदाही पाहिले नाहीत.

साठ रुपये द्यायला गेलो.
त्यानं घेतले नाहीत, वर चहा पाजला.
मग त्याच्याच पावतीपुस्तकाच्या पाठीवर,
लाल पेन नव्हतं, त्याच्या निळ्यानं,
लिहिलं : पाचपैकी पाच.

बिराप्पानं ते उजेडात धरलं,
अंगठ्याचा पिवळा ठसा उठला आकड्यावर.
बराच वेळ बघून म्हणाला,
“आणि हातचे कुटं गेले, सर?”